व्हरांड्यातली ट्रंक

१० ऑक्टोबर

चि. खारू हिस ताईचे अनेक आशीर्वाद.

रविवारची संध्याकाळ आठवते का गं? मागच्या पायरीवर बसून आपण दोघी कॅनव्हासचे बूट पांढरे करायचो, वाटीत खडू कालवून. तू एकेका बुटावर इतका खडू थापायचीस की सोमवारी प्रार्थनेला उभी राहिलीस की पायाखाली पीठ सांडल्यासारखं दिसायचं, आणि सिस्टर कुणाकडेही न बघता म्हणायच्या की आज कुणाचे तरी बूट विरघळताहेत. आई आतून ओरडायची की खडू शाळेचा आहे, उधळू नका. त्या संध्याकाळी विशेष काही घडायचं नाही. म्हणूनच आठवतात बहुधा.

पत्र लिहायचं कारण, फोन लागत नाही. आमच्या गल्लीपुरताच लागत नाही, रस्ता ओलांडला की लागतो. विचारलं तर दुरुस्ती चालू आहे म्हणतात. पाण्याचीही दुरुस्ती चालू आहे आणि दिव्यांचीही. पोस्टमन तेवढा येतो, तोही सायकलवरून न उतरता पत्र टाकतो आणि मागे न बघता जातो.

गल्ली रिकामी करण्याची नोटीस दारोदार चिकटवून गेले. कारण लिहिलंय, सार्वजनिक सुरक्षितता. कुणाची ते लिहिलेलं नाही. रस्त्यापलीकडच्यांची प्रार्थना वेगळी आणि आपली वेगळी, इतकाच काय तो फरक होता. आता त्यांच्या लेखी आपल्यात दुसरं काही उरलंच नाही. प्रार्थनाघराच्या काचा गेल्या महिन्यात फुटल्या. बेकरीवाल्याच्या दुकानासमोर दोघे जण खुर्च्या टाकून बसतात. करत काही नाहीत. पाव कोण घेतंय तेवढं बघतात.

पण एक बरं झालंय. स्थलांतर कार्यालयातून एक गृहस्थ येतात. सल्लागार आहेत. चाळिशीचे असतील, बोलणं मऊ, खोकला झालाय म्हणून सारखी मान खाली घालून माफी मागतात. जा असं एकदाही म्हणाले नाहीत. पहिल्याच दिवशी विचारलं, बाई, तुम्हाला काय वाटतं? खारू, इतक्या महिन्यांत हे मला कुणी विचारलं नव्हतं. गल्लीतली निम्मी माणसं माझ्याकडे पाढे शिकली, म्हणून आजही नळ गळण्यापासून लग्न ठरवण्यापर्यंत सगळे मलाच विचारायला येतात. मला विचारणारं कुणी नाही. मी त्यांच्यापुढे बसून रडले, सांगायला लाज वाटते.

ते म्हणाले, निर्णय घेऊच नका. ट्रंक माळ्यावरून काढून नुसती व्हरांड्यात ठेवा. रोज एखादी वस्तू आत ठेवून बघा, नको वाटलं तर काढा. मनावरचा भार हलका होतो म्हणे. तशी बाबांची हिरवी ट्रंक काढून ठेवली आहे. आतापर्यंत आत दोन चादरी आणि शब्दकोश गेलाय. शब्दकोश परत काढला.

त्यांच्यासाठी अर्ध्या बाह्यांचा स्वेटर विणायला घेतलाय. खोकला ऐकवत नाही. तू हसणार, हस.

तुझ्या त्या मुलाखतींचं काय झालं? कळव. माझ्यावर आहे तेवढा जीव राहू दे, जास्तीचा असेल तर पाठवून दे, इथे लागतो.

तुझी,
ताई


१९ ऑक्टोबर

ती. ताईस खारूचा सा. न. वि. वि.

हसले तर खरंच. अनोळखी माणसाला चहा इथपर्यंत ठीक आहे, पण स्वेटर? थँक्यू म्हटल्याशिवाय कुणाच्या दारातून उठायचं नाही हे सिस्टरांनी आपल्याला शिकवलं. कुणाला कधी दारात उभं करू नये हेही शिकवलं. तू ते दोन्ही इतकं मनावर घेतलंस की उद्या चोर आला तर त्याला पिशवी कमी पडू नये म्हणून आतून दुसरी आणून देशील.

पण ट्रंक बाहेर काढलीस हे वाचून मी चक्क टाळी वाजवली. तुझा हा सल्लागार माझ्याच मनातलं बोलतो. आता इकडे ये. खिडकीकडची खोली तयार आहे, सकाळचं ऊन थेट खाटेवर येतं. इमारत शांत आहे. माझ्या दारावर नावाची पाटी नाही, नुसता फ्लॅटचा आकडा आहे, त्यामुळे कुणी काही विचारत नाही. विचारलंच तर मी हवेवर बोलते, पाऊस-थंडीचं, गल्लीचं नाव काढत नाही.

मुलाखतींचं ऐक. आमच्या कंपनीचं दुसऱ्या एका कंपनीशी लग्न लागलं आणि आता घरात माणसं जास्त झाली. एकतृतीयांश लोकांना काढायचं आहे. मात्र काढायचं असं म्हणायचं नाही, पुढच्या प्रवासाला पाठवायचं म्हणायचं. त्यासाठी कोच नेमायचे आहेत. कर्मचाऱ्याशेजारी बसून त्याला बदल गोड मानायला शिकवणारे. नोकरी काढून घ्यायची आणि वर तोंड हसरं ठेवायची शिकवणी लावायची. वीस वर्षं लोकांना नोकरीवर घेण्याचं काम केलं, निवृत्ती तोंडावर आली असताना आता हे.

आम्ही तिघं मुलाखती घेतो: आमचे साहेब, बाहेरून आलेली एक सल्लागार बाई, जिचे डोळे कधी मिटतच नाहीत, आणि मी. परवा एकानं आम्हाला डोळे मिटून आपण झाड आहोत अशी कल्पना करायला लावली. साहेब झोपले. दुसऱ्या बाईनं टेबलावर फुगा ठेवला आणि म्हणाली, हा तुमचा राग, फुंका. मी फुंकला, तो फुटला, आणि सल्लागार बाईनं माझ्याकडे बघून काहीतरी लिहिलं. तिसरा कुस्तीगिरांना शिकवत होता. त्याला विचारलं, तयार नसलेल्या माणसाला कसं तयार करता, तर म्हणाला, तयार नसेल तर घरी पाठवतो. तो एकटा मला आवडला. त्याला नापास केलं.

स्वेटर मोठा विणू नकोस, उरलेल्या लोकरीत माझे हातमोजे होतील. जीव आहे, तो सगळाच पाठवला आहे.

तुझी,
खारू


२ नोव्हेंबर

चि. खारू हिस अनेक आशीर्वाद.

स्वेटर झाला. राखाडी रंगाचा. त्यांनी तिथेच अंगात घातला, बटणाशी हात फिरवत म्हणाले, बाई, एखाद्या महत्त्वाच्या दिवशी घालीन. खोकला गेला होता, आवाज अगदी स्वच्छ आला.

बाकी बरं नाही. घड्याळजी गेला. सकाळी खिडकी उघडली तर त्याच्या दुकानाची फळी उघडी आणि आत भिंतीवर घड्याळांचे गोल गोल पांढरे डाग. मला सांगितलंही नाही. लहानपणी माझ्या मांडीवर बसून काटे ओळखायला शिकलेला पोर. नंतर बेकरीवाला. भट्टी थंड झाली की गल्लीत कशी पोकळी होते ती तुला कळायची नाही. सकाळी उठून मी वास हुंगत बसते. मग सुतार, मग त्याच्या शेजारचे दोघे. सगळ्यांनी सह्या केल्या, स्वखुशीने जातो म्हणून.

मला लागलं ते जाण्याचं नाही. न सांगण्याचं. समोरून जाताना व्हरांड्याकडे बघतात आणि मान वळवतात. वाटलं, माझ्यावर रागावलेत. शिंपीण तेवढी पायरीपाशी थांबली. विचारलं, बाई, ठरलं का? मी म्हटलं, अगं, नुसतं बघतेय कसं वाटतं ते. पण ती माझ्याकडे बघतच नव्हती, ट्रंकेकडे बघत होती. दुसऱ्या दिवशी तिचं घर बंद. शिवणाचं यंत्र जड म्हणून उंबऱ्यात टाकून गेली. संध्याकाळपर्यंत तेही कुणी उचललं.

आणि ऐक. काल रस्त्यापलीकडची एक आली, नवऱ्याला घेऊन. माझीच विद्यार्थिनी. मी खूश होऊन चहा ठेवला. चहा उकळेपर्यंत तिनं पर्समधून फीत काढली आणि पुढच्या खोलीची लांबी-रुंदी घेतली. नवरा आकडे लिहीत होता. मी कप घेऊन दारात उभी. ती हसून म्हणाली, बाई, तुमची खोली फार हवेशीर आहे हो, लहानपणापासून आवडायची. आणि चहा प्यायली, खारू. बिस्किट बुडवून प्यायली. साखर कमी आहे म्हणाली.

ती गेल्यावर मी कप तीनदा घासला तरी तिच्या ओठांचा रंग जाईना असं वाटत राहिलं. गेलाच होता तो.

मी सही केलेली नाही. हे घर आणि प्रार्थनाघराचे म्हातारबाबा, एवढीच वस्ती उरली. मी गेले तर प्रार्थनाघर त्याच दिवशी गोदाम होणार. मी जावं का राहावं? तूच सांग. सल्लागारांना विचारीन म्हटलं तर दोन आठवड्यांत फिरकले नाहीत, कुठे दुसऱ्या नोकरीच्या खटपटीत आहेत म्हणे. भलं होवो त्यांचं.

तुझ्या आठवणीवर दिवस काढणारी,
ताई


१४ नोव्हेंबर

ती. ताईस सा. न. वि. वि.

हे पत्र तीनदा फाडलं. आता जसं येईल तसं लिहिते, तू बसून वाच. उभ्यानं नको.

मंगळवारी शेवटच्या उमेदवाराची मुलाखत होती. आत आला तो चाळिशीचा माणूस, नीट भांग, मऊ आवाज. कोटाच्या आत राखाडी अर्ध्या बाह्यांचा स्वेटर. आधी माझं लक्षच नव्हतं. मग त्यानं कोट काढून खुर्चीला लावला. गळ्याच्या पट्टीत दर चौथ्या ओळीनंतर एक उलटी ओळ, शिवणाच्या सिस्टरांनी आपल्याला शिकवली तशी, गळा सैल पडू नये म्हणून. अख्ख्या वर्गात ती फक्त तुला आणि मला जमली. तरी मी मनाशी म्हटलं, योगायोग असेल, माणसाला ऐकून तरी घे.

साहेबांनी ठरलेला प्रश्न विचारला, तयार नसलेल्या लोकांना तुम्ही तयार केलंत असा प्रसंग सांगा. त्यानं हात गुडघ्यांवर ठेवले आणि सांगितला.

एक गल्ली होती, म्हणाला. एका लहानशा धर्माची माणसं, पिढ्यान्‌पिढ्या तिथलीच, फार हट्टी. आधीच्या लोकांनी पाणी तोडून पाहिलं, दगडही मारले, एकही घर हललं नाही. त्यानं जाऊन पहिला आठवडा नुसतं बघितलं, कोण कुणाकडे जातं. ढकललं की माणूस पाय रोवतो, म्हणाला, म्हणून ढकलायचं नाही; सगळे ज्याच्याकडे बघतात तो एक जण शोधायचा. तिथे एक निवृत्त शिक्षिका होती. एकटी, मायाळू, कुणी विचारपूस केली की विरघळणारी. हे तो असं म्हणाला, ताई, जसं आपण बाजारात कलिंगड वाजवून बघतो तसं. तिला काही बोलायला लावलं नाही. फक्त दिसेल असं काहीतरी करायला लावलं. एक ट्रंक व्हरांड्यात ठेवायला सांगितली. बस. ती ट्रंक रोज सगळ्यांना दिसत राहिली, आणि गल्ली आपोआप रिकामी झाली. एक दगड न मारता, म्हणाला, सगळ्या सह्या स्वखुशीच्या.

मग स्वेटरवर हात फिरवून म्हणाला, हा तिनंच विणला. विश्वासाचं माप याहून मोठं काय असणार?

साहेब पुढे झुकून ऐकत होते. न मिटणाऱ्या डोळ्यांच्या बाईनं कागदावर अप्रतिम लिहून खाली दोन रेघा मारल्या. मी विचारलं, ती ट्रंक कशासाठी ते तिला सांगितलंत का? तो माझ्याकडे कौतुकानं बघून म्हणाला, सांगितलं असतं तर तिनं ठेवली नसती. मी विचारलं, ती माणसं गेली कुठे? म्हणाला, ते माझ्या कामाच्या कक्षेत नव्हतं. यावर सल्लागार बाई म्हणाली, सीमा किती स्पष्ट आहेत यांच्या, आणि आणखी गुण दिले.

तो गेल्यावर मी शून्य लिहिलं आणि का ते सांगितलं. ती शिक्षिका माझी बहीण आहे आणि ती गल्ली माझी आहे, असं वीस वर्षांत पहिल्यांदा त्या इमारतीत मोठ्यानं म्हटलं. साहेब समजुतीच्या सुरात म्हणाले, अहो, पण तुम्ही त्यातल्या अजिबात वाटत नाही. शाबासकी दिल्यासारखं म्हणाले. आणि पुढे, वैयक्तिक भावना बाजूला ठेवून बघा, इतकी परिणामकारक पद्धत आपण सोडायची का?

त्याला घेतलं, ताई. पुढच्या महिन्यापासून येणार. त्या गल्लीतलं उरलेलं एक काम संपवायला अधूनमधून सुट्टी घेईन म्हणाला. ते उरलेलं काम तू आहेस.

तुझी काही चूक नाही हे मी शंभरदा लिहू शकते, तुला पटणार नाही हेही मला ठाऊक आहे. मी स्वतःच टाळी वाजवली होती. ती टाळी अजून हाताला चिकटल्यासारखी वाटते. मी दोन दिवसांची रजा टाकते, तुला घेऊन येते. कुठेही जायचं तर माझ्याकडेच.

फक्त रागावू नकोस, एवढंच मागणारी,
खारू


२५ नोव्हेंबर

चि. खारू हिस आशीर्वाद.

आलीस तर मी घरी सापडणार नाही, म्हणून येऊ नकोस असं तारेनं कळवलं होतं. रागावले नाही. तुझं पत्र बसूनच वाचलं.

वाचल्यावर मी ट्रंक आत ओढायला घेतली. दाराशी आणली आणि बघितलं, तर समोर बघायलाच कुणी नव्हतं. घड्याळजी नाही, शिंपीण नाही. आता ती आत ठेवली काय, बाहेर ठेवली काय. मग तशीच टाकून दिली आणि मागे जाऊन पोट रिकामं होईपर्यंत ओकले. लहानपणी दूध नासलेलं प्यायले होते तसं. अंगातून काहीतरी बाहेर काढायचं होतं आणि ते निघत नव्हतं. मी त्या माणसापुढे रडले होते, खारू. त्याच्या खोकल्याला रुमाल मीच दिला होता.

दुसऱ्या दिवशी बस पकडून नव्या वसाहतीत गेले. शहराचा कचरा जिथे टाकतात त्याच्या पलीकडे पत्र्याच्या खोल्यांच्या रांगा आहेत. दारांवर आकडे. नळ एक, त्याच्यापुढे माणसं उभी. मला बघून सगळे धावले. शिंपिणीनं मिठी मारली. सुतार म्हणाला, बाई, तुमचा कुठला आकडा? जवळचा घेऊ, आम्ही सामान उतरवतो. ते माझीच वाट बघत होते, समजलं का तुला? बाई येणारच, ट्रंक तर कधीची भरलीये. घड्याळजी हसत म्हणाला, आम्हाला वाटलं, तुम्हाला आतली बातमी असणार, तुम्ही निघताय म्हणजे थांबण्यात अर्थ नाही. आणि विचारायचं कसं? तुम्ही आपणहून सांगितलं नाहीत म्हणजे सांगता येत नसेल. म्हणून गुपचूप निघालो, तुम्हाला अवघड नको.

त्यांच्या न सांगता जाण्याचा मला राग आला होता बघ. ती त्यांची रीत होती. मोठ्यांना पेचात टाकायचं नाही, ही मीच त्यांना लहानपणी लावलेली.

मी नळापाशी उभी राहून सगळं सांगितलं. काही लपवलं नाही, स्वेटरही सांगितला. मग शिंपीण म्हणाली, बाई, आम्ही उत्तर चुकलो तर तुम्ही विचारायचात, हे कुठून आणलंस? त्या माणसाला एकदा तरी विचारायचं होतंत, हे कुठून आणलंस. चिडून म्हणाली नाही. त्याहून वाईट, समजून घेऊन म्हणाली. मग तिनं मला बसायला डबा दिला, उपडा घालून, पुसून.

तिची मुलगी तुला आठवणार नाही. नर्सिंगच्या दुसऱ्या वर्षाला आहे, तुझ्याच शहरात. पत्ता वसाहतीचा म्हणून वसतिगृहानं तिला बाहेर काढलं आणि तिथे कुणी खोली देत नाही. नाव ऐकलं की जागा भरलेली असते. आता कॉलेज सोडून नळावर रांग धरते.

मुलांना शाळा नाही. दिवसभर कचऱ्याच्या ढिगावर असतात. एकानं मला बावीसचा पाढा म्हणून दाखवला, मध्येच विसरला.

अजून काय करायचं ते ठरलेलं नाही. ठरलं की तुलाच आधी कळेल. माझ्यावरचा जीव आटू देऊ नकोस.

ताई


४ डिसेंबर

ती. ताईस सा. न. वि. वि.

तू काय ठरवणार ते मला दिसतंय आणि मला ते नकोय. तुझे गुडघे, तो पत्रा, ते पाणी. या वयात. इकडे ये, हात जोडते. माझ्या आग्रहात थोडा स्वार्थही आहे, एकटीला घर खायला उठतं.

तो रुजू झाला. त्याला काचेची खोली दिली, कोपऱ्यात कुंडी, दोन मऊ खुर्च्या. पहिल्याच दिवशी मला बोलावलं. मुलाखतीतला माझा प्रतिकार बघून सल्लागार बाईनंच शिफारस केली म्हणे, पहिली शिकवणी माझी. बसल्यावर विचारलं, एक ते दहामध्ये तुमचा राग कितीचा? मी म्हटलं, ज्या बाईनं तुमचा स्वेटर विणला ती माझी सख्खी बहीण. वाटलं, आता तरी चेहरा पडेल. जरा दचकला. मग, ताई, त्याचा चेहरा उजळला. खुर्ची पुढे ओढून म्हणाला, मग तुम्हीच तिच्याशी बोला ना! एकच सही उरली आहे. बहिणीच्या तोंडून ऐकलं तर तिलाही शांतपणे निरोप घेता येईल आणि तुम्हालाही हलकं वाटेल.

मी उठले. पुढचं सगळं सांगत नाही, फक्त कुंडी शाबूत आहे. खुर्चीबद्दल खात्री देत नाही.

राजीनामा दिला. साहेबांनी तो घेतला आणि सांगितलं की नव्या नियमाप्रमाणे जाणाऱ्या प्रत्येकाला कोचसमोर एकदा बसावंच लागतं, त्याशिवाय कागद पूर्ण होत नाहीत. तर माझे कागद अपूर्ण राहतील. राहू देत. टेबलाचा खण रिकामा करत होते तेव्हा आमच्यातली निम्मी माणसं मान वर न करता काम करत होती. मी गेले म्हणून ती काय करतील कोण जाणे. मी माझं सामान मुद्दाम सगळ्यांना दिसेल असं हातात धरून, का जाते ते टेबलाटेबलापाशी थांबून सांगत बाहेर पडले.

आता मोकळी आहे. कळव कधी येऊ. तुझ्याकडून नकार सोडून काहीही चालेल.

खारू


१५ डिसेंबर

चि. खारू हिस ताईचे अनेक आशीर्वाद.

टेबलाटेबलापाशी सांगत गेलीस ते वाचून मी एकटीच मोठ्यानं शाबास म्हणाले. ते शहाणपण मला वेळेवर सुचलं नाही, तुला सुचलं. आई असती तर म्हणाली असती, धाकटीला उशिरा दात आले पण आले.

रविवारी तो आला होता. सहीचा कागद घेऊन. नेहमीसारखा पायऱ्या चढायला लागला तर मी म्हटलं, तिथेच उभा राहा. इतकी वर्षं शिकवलं, वर्गाबाहेर कुणाला उभं केलं नाही. त्याला केलं. म्हणाला, बाई, तुमचा राग स्वाभाविक आहे. मी म्हटलं, माझं काय स्वाभाविक आहे ते तू सांगू नकोस. कागदावर स्वखुशीने हा शब्द छापलेला होता. तो शब्द खोड, मग सही करते, म्हटलं. तो म्हणाला, छापील आहे, खोडता येत नाही. मग मी म्हटलं, तुमच्या माणसांनी येऊन मला उचलून न्यावं आणि उचलून नेलं असं लिहावं. खूप वेळ उभा होता. पायाखालून मुंग्या गेल्या असतील. इतका साधा चेहरा असतो गं, किळस यावी असं त्यावर काही शोधून सापडत नाही, आणि त्याचीच जास्त किळस येते. शेवटी चहा न मिळता गेला. थँक्यू मी म्हटलं नाही.

परवा प्रार्थनाघराचं दार कुणीतरी बिजागऱ्यांसकट काढून नेलं. आत सिमेंटची पोती लावली. म्हातारबाबांना त्यांचा पुतण्या घेऊन गेला. जे राखायला मी थांबले असते ते आता राहिलं नाही, आणि ज्यांच्यासोबत थांबले असते ते तिकडे नळावर उभे आहेत, माझ्यापायी. तेव्हा मी तिकडे जाते. त्याच्या सांगण्यावरून नाही, सहीनंही नाही. सोमवारपासून नळाच्या रांगेतच पाढे सुरू करणार आहे. तिथे मुलं एका जागी उभी असतात, पळून कुठे जातील?

तुझ्याकडे येत नाही म्हणून रडू नकोस. गुडघे माझे आहेत, मी त्यांना समजावते. तू सुट्टीच्या दिवशी येत जा, उपडा डबा मिळेल. पत्रावर आत्ताच सही करून टाकते, कारण याखाली नुसती कामं आहेत. तुझ्या मायेत काटकसर करू नकोस, मी ती खर्च करून टाकणारी आहे.

तुझी,
ताई

आता कुणाला काय ते नीट वाच. शनिवारी टेम्पो घेऊन ये, सकाळी ये, मापं घेणारे दुपारी येतात.

माझं शिवणाचं यंत्र शिंपिणीला. तिचं गेलं ते माझ्यामुळे गेलं, भरपाई वगैरे शब्द वापरू नकोस, नुसतं खाली उतरवून दे.

भिंतीवरचं घड्याळ घड्याळजीला. मागे जातंय म्हणून नावं ठेवील, ठेवू दे.

जेवणाचं टेबल सुताराला. त्यानंच केलेलं आहे, हवं तर मोडून मुलांसाठी बाकं करू दे. मोठी पातेली आणि परात बेकरीवाल्याला. पत्र्याआड भट्टी लावतो म्हणतोय.

फळा आणि खडू माझे, टेम्पोत सगळ्यात वर ठेव.

बाबांची ट्रंक कुणालाच नको. ती माझ्या पुस्तकांसकट माझ्याबरोबर येईल आणि त्या दिवशी आत काय आहे ते सगळ्यांना उघडून दाखवीन.

खिडक्यांचे पडदे राहू देत. दारं उघडी टाक, कुलूप लावू नकोस, किल्ली कुणाला देऊ नकोस.

आणि तुझी ती खिडकीकडची खोली शिंपिणीच्या मुलीला. मी तिला सांगून ठेवलंय, वसाहतीतून परतताना तुझ्यासोबत निघेल. खाट तिला दे, टेबलाचा दिवा दे, कॉलेजात तुझा पत्ता लिहू दे. जिन्यात कुणी विचारलं तर हवेवर बोलू नकोस, तिचं नाव सांग आणि आपल्या गल्लीचं सांग. पाहुणी म्हणू नकोस. भाची म्हण.